रविवारची अंडी, पोर्तुगीज वळणाची

नाशिकमध्ये रविवारची सकाळ मिसळीच्या मालकीची असते, हे येथे राहणाऱ्या कोणालाही वेगळे सांगावे लागत नाही. सकाळपासूनच गंगापूर रस्त्याने आणि शहराच्या कडेकडेच्या मळ्यांकडे गाड्या निघतात, चुलीवरच्या रश्श्याचा वास झाडाखालच्या बाकांपर्यंत पोहोचतो, आणि मिसळ, भाजलेला पापड, दही व वर एखादी जिलेबी असा बेत अकराच्या सुमारास आटोपला की दुपारच्या जेवणाचे नाव कोणी काढत नाही. न्याहारी आणि जेवण यांच्या मधल्या या खाण्याला अलीकडे ब्रंच म्हणतात. आमच्या शहराला त्याची सवय त्या नावाच्या कितीतरी आधीपासून आहे. म्हणूनच मिसळीला सुट्टी देऊन घरी काही करायचे ठरवले, तर त्या पदार्थाच्या अंगात तेवढा दम असावा लागतो. माझ्या स्वयंपाकघरात तो मान टोमॅटोच्या दाट रश्श्यात सॉसेज घालून, त्यावर अंडी फोडून आणि चीज पसरून ओव्हनमध्ये भाजलेल्या, पोर्तुगीज वळणाच्या अंड्यांना मिळाला आहे.

पोर्तुगीज वळणाची असे मी जाणूनबुजून म्हणते, कारण पोर्तुगालमध्ये असा एकच ठरीव पदार्थ नाही. तिकडे टोमॅटोत भाजलेली अंडी आहेत, आणि वाटाण्यांत सॉसेजचे तुकडे घालून वरून अंडी सोडण्याचा घरगुती प्रकार तर फारच आवडीचा आहे. त्यांच्यात समान सूत्र एकच आहे. मसाल्याचे काम सॉसेज करते आणि बाकी सर्वांनी त्याच्या मागे उभे राहायचे असते. हे सूत्र ऐकायला सोपे आहे, पण आपल्या हातांना ते पाळणे फार जड जाते. कढई तापली की मोहरीच्या डब्याकडे वळणारा हात, कांदा परतला की हळद शोधणारा हात आणि रस्सा दिसला की काळ्या मसाल्याची बरणी उघडणारा हात मागे घेणे, हीच या पदार्थातील खरी पाककला आहे असे माझे मत झाले आहे.

पोर्तुगालमधील सॉसेजला शोरिसू म्हणतात. डुकराच्या मांसाचे आणि चरबीचे बेताचे तुकडे, लसूण, मीठ, लाल मिरचीची सौम्य पूड आणि वाइन हे सारे एकत्र मुरवतात, आतड्याच्या वेष्टनात भरतात आणि लाकडाच्या धुरावर धरतात. गोव्यात त्याचेच चोरीस झाले, तेव्हा वाइनची जागा माडाच्या व्हिनेगरने घेतली, सौम्य पुडीच्या जागी काश्मिरी मिरची वाटली जाऊ लागली, आणि आले, मिरी, लवंग, दालचिनी यांनीही आत प्रवेश केला. पोर्तुगालची ती सौम्य लाल पूड आणि गोव्याची मिरची या दोन्ही मुळात अमेरिका खंडातल्या एकाच वनस्पतीच्या लेकी आहेत. जहाजांतून एक युरोपात उतरली, दुसरी सोळाव्या शतकात आपल्या किनाऱ्यावर आली, आणि दोघी पुन्हा एकाच सॉसेजच्या दोन रूपांत भेटल्या. इतके सगळे आधीच पोटात घेऊन बसलेल्या चोरीसावर आपण आणखी चमचाभर मसाला टाकणे म्हणजे गात्या गळ्याच्या माणसासमोर ताशा बडवण्यासारखे आहे.

आमच्याकडे चोरीस येते ते फोंड्याला नोकरी करणाऱ्या भाऊजींच्या पिशवीतून. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारातून ते माळ घेतात, ती वर्तमानपत्रात आणि नंतर एकात एक घातलेल्या प्लास्टिकच्या पिशव्यांत बांधतात, आणि तरीही घरात पाऊल टाकताच तिचा आंबूस, तिखट वास पुढे येऊन आपली वर्दी देतो. दोऱ्याने बांधलेले सुपारीएवढे गोल मणी, काळपट लाल रंगाचे, बोटाने दाबले तर वरून टणक आणि आत किंचित लवचिक, असे हे चोरीस फ्रीजमध्ये बरेच दिवस टिकते. भाऊजींची फेरी झाली नसेल, तर देवळाली कॅम्पातल्या कोल्ड स्टोरेजच्या दुकानात डुकराच्या मांसाचे साधे सॉसेज मिळते. ते वाईट नसते, पण त्यात व्हिनेगरचा तो खणखणीतपणा नसल्यामुळे रश्श्याला थोडी लाल मिरचीची पूड आणि एक जास्तीची लसूण पाकळी द्यावी लागते.

चोरीस शिजवावे कसे, हे मला वसईच्या मैत्रिणीने शिकवले. दर फेब्रुवारीत नाशिकरोडच्या बाळ येशूच्या यात्रेसाठी मुंबई, वसई आणि गोव्याकडून माणसांची रीघ लागते. त्या गर्दीत ती येते आणि एक रात्र आमच्याकडे मुक्काम करते. वसई १५३४ पासून १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी किल्ला जिंकेपर्यंत पोर्तुगीजांच्या ताब्यात होती. या दोनशे वर्षांचा उल्लेख ती इतिहास म्हणून कधी करत नाही, पण चोरीस हातात घेतल्यावर तिच्या बोलण्यात जो अधिकार येतो, त्याचे मूळ कुठेतरी तिथे असावे. "तेल कशाला ओततेस? आधी पाणी घाल," ती म्हणाली. "चरबी त्याच्याच अंगात आहे, ती बाहेर येऊ दे."

पद्धत अशी. माळेतील दोरा कापून प्रत्येक मण्याचे वेष्टन सुरीच्या टोकाने चिरायचे आणि आतले मांस बोटांनी बाहेर काढायचे. गोव्याचे चोरीस कच्चे असते, तेव्हा ते नीट शिजलेच पाहिजे, ही गोष्ट पोर्तुगालच्या काप करून तशाच खाल्ल्या जाणाऱ्या शोरिसूशी गल्लत करून विसरता कामा नये. ते थंड कढईत ठेवून अर्धी वाटी पाणी घालायचे आणि मंद आचेवर झाकण न ठेवता शिजू द्यायचे. पाणी उकळते, मांस सैल होते, मग पाणी आटत जाते आणि उकळीचा आवाज हळूहळू तडतडीत बदलतो. त्या क्षणी कढईकडे नीट पाहावे. बुडबुडे मोठे व आळशी होतात, आणि मांसाच्या कडेने पातळ, पारदर्शक, गडद केशरी चरबी पाझरू लागते. मिरचीतील रंग पाण्यापेक्षा चरबीत सहज उतरतो, म्हणून आतापर्यंत मळकट दिसणारे सगळे एकदम उजळते. चांगल्या मिसळीवर जी तर्री येते, ती येथे आपोआप, तेलाचा थेंबही न घालता आलेली असते. त्यातली दोन चमचे चरबी मी एका वाटीत बाजूला काढून ठेवते, आणि उरलेल्या चरबीत बारीक चिरलेला कांदा टाकते.

पहिल्यांदा हा बेत झाला, तेव्हा सासूबाई शेजारी उभ्या होत्या. "अगं, हे इतकं फिकं दिसतंय, निदान चिमूटभर हिंग तरी?" असे त्यांनी विचारले. त्यांचा आक्षेप अगदीच बिनबुडाचा नव्हता, कारण हिंग आणि लसूण यांचे सख्य आपल्याला पिढ्यान्पिढ्या ठाऊक आहे. परंतु हिंग पडला असता तर घमघमाट आमटीचा आला असता, आणि चोरीस बिचारे त्यात पाहुण्यासारखे अवघडून बसले असते. मी म्हटले, "आई, आज राहू द्या." त्यांनी डबा बंद केला, पण ओट्यावरच, हाताशी येईल असा ठेवला.

कांदा पूर्ण मऊ झाल्याशिवाय टोमॅटो घालू नयेत, कारण टोमॅटोचा आंबटपणा एकदा आत गेला की कांद्याचे मऊ होणे थांबते आणि शेवटपर्यंत दाताखाली कचकच राहते. टोमॅटोच्या बाबतीत आम्ही नाशिककर भाग्यवान आहोत आणि थोडे निगरगट्टही. पिंपळगाव बसवंतच्या बाजारात हंगामात क्रेटच्या थप्प्या लागतात, वीस किलोच्या क्रेटवर भाव बोलले जातात, आणि तो भाव एका वर्षी इतका चढतो की भाजीवाला टोमॅटो मोजून देतो, तर दुसऱ्या वर्षी इतका पडतो की शेतकरी माल रस्त्यावर ओततात. २०२१ च्या ऑगस्टमध्ये आम्ही रस्त्यावरचा लाल चिखल पाहिला आणि २०२३ च्या जुलैत त्याच फळासाठी किलोला शंभराच्या वर रुपये मोजले. असा टोमॅटो रश्श्यात घालताना मनात हिशेब चालू राहतोच. दूरच्या प्रवासासाठी पिकवलेले हे संकरित टोमॅटो जाड सालीचे आणि घट्ट गराचे असतात; कोशिंबिरीत ते नीरस वाटतात, पण आटवायला उत्तम, कारण त्यांत पाणी कमी असते. आंबटपणासाठी मी त्यात दोनतीन गावठी टोमॅटो मिसळते. साल काढायची असेल तर देठाच्या विरुद्ध बाजूला फुलीसारखी चीर देऊन उकळत्या पाण्यात अर्धा मिनिट बुडवावेत, साल आपणहून सुटते. सहा-सात टोमॅटो, त्यावर लसणीच्या चार पाकळ्या, एक तमालपत्र आणि घरात असलीच तर अर्धा पेला पांढरी वाइन. ती नसेल तर काही अडत नाही. पण गंगापूर धरणाच्या आसपासच्या मळ्यांतली द्राक्षे बाटलीत भरून जगभर जात असताना आपल्याच कढईला त्यांचा घोटभर वास का लागू नये, असे मला वाटते. मीठ मात्र अगदी शेवटी आणि चाखून, कारण चोरीस खारट असते आणि चीज अजून यायचे आहे.

रस्सा किती आटवावा, याची खूण मिनिटांत सांगता येत नाही. डाव फिरवला की कढईचा तळ क्षणभर उघडा पडावा आणि मग सावकाश झाकला जावा. पातळ रश्श्यात अंडे फोडले की पांढरे सगळीकडे तरंगत पसरते आणि धाग्याधाग्यांनी गोठते. दाट रश्श्यात मात्र पळीच्या पाठीने खळगे करता येतात, आणि त्या खळग्यांत अंडे आपली जागा धरून बसते.

भांड्याचा प्रश्न आला की आमच्या भांडी बाजारातून पितळी आणि तांब्याच्या देखण्या पातेल्यांची आठवण होते, पण आंबट टोमॅटो कल्हई नसलेल्या तांब्या-पितळेत शिजवू नये हे आपल्या आज्यांना पक्के माहीत होते. बिडाच्या कढईतही टोमॅटो बराच वेळ आटवला तर तिच्यावरचा तेलाचा थर उतरतो आणि रश्श्याला लोखंडाची चव येते. म्हणून मी रस्सा स्टीलच्या जाड बुडाच्या कढईत करते आणि मग तो झिलई केलेल्या, ओव्हनमध्ये चालणाऱ्या चिनी मातीच्या पसरट भांड्यात उकळता उकळता ओतते. उकळता असणे महत्त्वाचे आहे, आणि त्याचे कारण अंड्याच्या स्वभावात आहे.

अंड्यातील पांढरे साधारण ६२ ते ६५ अंश सेल्सिअसला घट्ट होऊ लागते, पण त्यातले मुख्य प्रथिन पक्के व्हायला ८० अंशांच्या आसपास उष्णता लागते. पिवळे मात्र ६५ अंशांना दाट होऊ लागून ७० च्या सुमारास गोठते. म्हणजे सगळीकडून सारखीच उष्णता दिली, तर पांढरे नीट होईपर्यंत पिवळे कोरडे होऊन बसणार. यातून सुटायचा मार्ग असा की पांढऱ्याला खालून आधी आणि जास्त उष्णता मिळावी, व पिवळे वर, तुलनेने गार जागी राहावे. खळग्यात अंडे फोडल्यावर नेमके हेच घडते: पांढरे वाहत जाऊन उकळत्या रश्श्याला चिकटते आणि पिवळे त्याच्या गादीवर बसते. त्यात अंडे ताजे असेल तर आणखी चांगले, कारण ताज्या अंड्यातील घट्ट पांढऱ्याचा भाग मोठा असतो. अंडे जुने होत जाते तसा कवचातून वायू बाहेर पडतो, पांढरे पातळ होते आणि आतली हवेची पोकळी वाढते. म्हणूनच जुने अंडे पाण्यात तरंगते. फ्रीजमधली अंडी तासभर आधी बाहेर काढून ठेवावीत आणि प्रत्येक अंडे आधी वाटीत फोडून मगच खळग्यात सोडावे.

चीजबद्दल माझी मते जरा ठाम आहेत. पोर्तुगालच्या आझोर्स बेटांपैकी साव जॉर्ज नावाच्या बेटावर गायीच्या दुधाचे मुरलेले, जिभेला टोचणारे चीज होते, आणि सेरा दा एश्त्रेला या डोंगराळ भागात मेंढीच्या दुधाचे, एका काटेरी वनस्पतीच्या फुलांच्या अर्काने विरजलेले मऊ चीज होते. ही दोन्ही नाशिकमध्ये शोधत फिरण्यात अर्थ नाही. आपल्याकडे मिळणारे थोडे मुरलेले चेडार किंवा गौडा किसून घ्यावे; पिझ्झावर घालतात ते मोझरेला टाळावे, कारण ते तारा ओढते पण चवीला मुके असते. डब्यातले प्रक्रिया केलेले चीज सपाट वितळते आणि खारटपणाखेरीज काही देत नाही. चीज किती, यापेक्षा कुठे हा प्रश्न मोठा आहे. ते पांढऱ्यावर आणि अंड्यांच्या मधल्या रश्श्यावर पसरावे, पिवळ्यावर नाही, कारण पिवळे झाकले गेले की ते किती झाले हे दिसत नाही.

ओव्हन आधीच २०० अंशांवर तापलेला असावा. लहान ओटीजीमध्ये मी आधी फक्त खालची कांडी चालू ठेवते आणि शेवटच्या दोन मिनिटांत वरची लावते, म्हणजे पांढरे खालून होते आणि चीजला वरून डाग पडतात. एकूण आठ ते दहा मिनिटे पुरतात, परंतु काचेतून पाहत राहणे हाच खरा उपाय होय. भांडे हलवले की पांढरे थरथरू नये आणि पिवळे थरथरावे, अशा वेळी ते बाहेर काढायचे. चिनी मातीचे भांडे उष्णता धरून ठेवते, टेबलावर आल्यावरही अंडी शिजत राहतात, म्हणून माणसे आधी बसवावीत आणि मग भांडे आणावे. आमच्या घरात हा भाग सर्वांत अवघड आहे.

ओव्हन नसणाऱ्यांनी नाराज होऊ नये. जाड तव्यावर ते भांडे ठेवून वर घट्ट झाकण घातले तरी चालते. फक्त झाकणाखाली साचलेले पाणी चीजवर ठिबकते आणि वरचा खरपूस पापुद्रा मिळत नाही. वरून उष्णता देण्याची युक्ती आपल्याला काही नवी नाही. गोव्यातल्या बेबिंका या गोड पदार्थाचे थर वर ठेवलेल्या निखाऱ्यांच्या धगीवरच भाजले जात. सासूबाईंच्या लहानपणी दिवाळीआधी नानकटाईचे पीठ घरी मळून, पत्र्याच्या ट्रेमध्ये मांडून गल्लीतल्या बेकरीत भाजायला नेत असत, आणि आपला ट्रे दुसऱ्याच्या घरी जाऊ नये म्हणून एखादे पोर तिथेच बसवून ठेवत. ओटीजीसमोर स्टूल टाकून बसलेल्या माझ्या मुलीकडे पाहून त्यांनीच हे सांगितले.

सासूबाई अंडी खातात, डुकराचे मांस खात नाहीत, आणि श्रावणात तर अंड्याचेही नाव नाही. त्यांच्यासाठी एका लहान भांड्यात वेगळा रस्सा होतो, त्यात कोंबडीचे सॉसेज जाते. एके काळी मला ही तडजोड वाटत असे. पण पोर्तुगालच्या उत्तरेकडे आल्हेइरा नावाचे सॉसेज आहे, त्यात पाव, लसूण आणि कोंबडीसारखे मांस भरतात. सक्तीने ख्रिस्ती व्हावे लागलेल्या ज्यूंनी चर्चच्या धर्मन्यायालयाच्या हेरांची नजर चुकवण्यासाठी डुकराचे मांस नसलेली ही सॉसेजे घरात टांगायला सुरुवात केली, असे तिकडे सांगतात. तेव्हा वेगळे भांडे मांडताना आता मला संकोच वाटत नाही. कोंबडीच्या सॉसेजमधून चरबी फारशी सुटत नसल्यामुळे तेथे मात्र तेल, लाल मिरचीची पूड आणि जास्तीची लसूण लागते, आणि सासूबाईंचा हिंगही त्या भांड्यात, त्यांच्या हाताने, पडतो. चवीला तो वाईट लागत नाही, हे मला मान्य करावे लागते.

जानेवारीत मटार स्वस्त आणि कोवळा असतो, तेव्हा मी टोमॅटो जवळजवळ सगळा काढून टाकते आणि वाटाण्यांचा तो दुसरा पोर्तुगीज प्रकार करते. चोरीसच्या चरबीत कांदा, त्यात सोललेले दाणे, बुडतील इतपत पाणी, आणि दाणे मऊ झाले की अंडी. यात चीज घालू नये असे माझे म्हणणे आहे. मुलीचे नेमके उलट आहे, आणि खिसणी तिच्या हातात असते.

सोबत पाव हवा, आणि तो कडक पाव. मऊ लादी पाव रश्श्यात बुडवताच विरघळतो आणि पिवळे उचलण्याच्या कामी येत नाही. भाऊजींबरोबर कधी गोव्याची पोई आली तर गोष्टच वेगळी. तिच्या कोंड्याच्या खरखरीत पाठीवर रस्सा आणि पिवळे दोन्ही धरून राहतात. अंडी उरत नाहीत आणि उरू देऊही नयेत, कारण पुन्हा गरम केली की त्यांचे रबर होते. रस्सा थोडा उरतो, तो सोमवारी भाकरीबरोबर गारच चांगला लागतो. आणि वाटीत बाजूला काढून ठेवलेल्या त्या दोन चमचे केशरी चरबीवर मंगळवारी डब्यासाठी बटाट्याच्या काचऱ्या होतात, नुसते मीठ घालून, फोडणीशिवाय.